प्रतिपार्श्व, म्हणजे पलीकडची बाजू

तेहेतीस वर्षं शाळेत मराठी शिकवल्यावर माणसाला एक खोड लागते. कानावर नवा शब्द पडला की आधी त्याची फोड करायची, मग अर्थ लावायचा, आणि समोरचा माणूस नेमकं काय सांगतो आहे ते सगळ्यात शेवटी ऐकायचं. बायकोला अर्धांगाचा झटका आला तेव्हाही मी हेच केलं. सांगायला लाज वाटते, पण आता लाजून काय उपयोग.

यवतमाळच्या दवाखान्यातले डॉक्टर माझ्या विद्यार्थ्यांच्या वयाचे होते. त्यांनी डोक्याचा फोटो उजेडासमोर धरला आणि गुठळी मेंदूच्या डाव्या बाजूला आहे म्हणून सांगितलं. बायकोचा तर उजवा हात आणि उजवा पाय गेला होता. मी म्हटलं, फोटो उलटा धरला असेल. मग म्हटलं, दुसऱ्या कुणाचा असेल. ते चिडले नाहीत. असंच असतं म्हणाले, कॉन्ट्रालॅटरल. मेंदूची डावी बाजू अंगाची उजवी बाजू चालवते, आणि उजवी डावी.

बायको खाटेवरून ऐकत होती. जीभ जड झाली होती, पण बोलणं समजत होतं. तिनं एवढंच विचारलं, "मले भाकर थापता येईन का, डाक्टर?"

ते म्हणाले, पाय बहुतेक येईल, काठी घेऊन का होईना, चालाल. हाताचं आत्ताच सांगता येत नाही. पहिले तीन महिने फार मोलाचे आहेत, त्या हाताला काम देत राहा. मी खिशातला पेन काढला आणि त्यांना म्हटलं, तो शब्द जरा लिहून देता का.

आर्णीला घरी आल्यावर पहिल्याच दुपारी मी माळ्यावरून परिभाषा कोश काढला. शाळेच्या वाचनालयानं रद्दीत काढलेला, कडा वाळवीनं खाल्लेल्या, पण आतला मजकूर शाबूत. मुकुटबनला दिलेली आमची मुलगी तेव्हा आईच्या सेवेला आलेली होती. ती आईची चादर बदलत होती आणि मी पानं उलटत होतो. शब्द सापडला. प्रतिपार्श्व.

शरीरशास्त्रातले दिशांचे शब्द वेगळेच असतात, हे मला तोवर ठाऊक नव्हतं. वर-खाली म्हणून त्यांचं भागत नाही, कारण माणूस आडवा झाला की वर-खाली बदलतं. म्हणून त्यांनी एक माणूस कल्पून ठेवला आहे. तो सरळ उभा असतो, नजर समोर, दोन्ही हात खाली सोडलेले आणि तळवे पुढे उघडे. असा उभा राहिलेला माणूस मी फक्त तहसील कचेरीत पाहिला आहे. या माणसावरून सगळं ठरवायचं. अभिमध्य म्हणजे अंगाच्या मधल्या रेषेकडे. दूरस्थ म्हणजे धडापासून लांब, जशी मनगटापेक्षा बोटं लांब. हे शब्द निदान एकटे उभे राहू शकतात. प्रतिपार्श्व मात्र एकटा काहीच सांगत नाही. डावं नाही की उजवं नाही. आधी तुम्ही एक बाजू सांगायची, मग तो म्हणणार, हिच्या पलीकडची. मेंदूतल्या जखमेचं आणि पडलेल्या हाताचं जे नातं, ते सांगायला हा शब्द. दुखणं आणि त्याचं मूळ एकाच अंगाला असलं तर त्याला समपार्श्व म्हणायचं, पण तो शब्द मला अगदीच सपक वाटला.

प्रतिपार्श्व मात्र मला फार आवडला. एका कोऱ्या कागदावर सुवाच्य अक्षरात लिहून, खाली अर्थ देऊन, मी तो बायकोच्या खाटेसमोरच्या भिंतीवर चिकटवला. तिनं तो वाचला आणि पाणी मागितलं.

खरं सांगायचं तर मला भीती वाटत होती. एकेचाळीस वर्षांच्या संसारात मी तिला दिवसा झोपलेली पाहिली नव्हती, आणि आता तिचा हात उशीवर ठेवला तर ठेवल्या जागी राहत होता. भीती वाटली म्हणजे मी शिकवायला लागतो. वर्ग समोर असला तर बरं, नसला तर मी गोळा करतो.

वर्ग आपणहून चालत आला. आमच्याकडे कुणी दवाखान्यातून घरी आलं की त्याला पाहायला जायचं असतं, आणि न जाणाऱ्याचं नाव पुढं लग्नापर्यंत लक्षात ठेवलं जातं. येणारा बिस्किटाचा पुडा किंवा केळी आणतो आणि सोबत एक उपाय. चप्पल काढता काढताच विचारतो, कोणती बाजू? बायकोनं उत्तर द्यायला तोंड उघडायच्या आत मी खुर्ची पुढं सरकवत असे.

शेजारच्या वहिनी म्हणजे आमच्या गल्लीचं अर्धं आरोग्य खातं. त्यांनी दवाखान्याची फाइल मागून घेतली, त्यात 'डावी' एवढं त्यांना सापडलं, आणि दुसऱ्या दिवशी त्या लसूण-ओवा घालून कढवलेलं तिळाचं तेल घेऊन आल्या. बायकोचा डावा हात, जो चांगला धडधाकट होता, त्यांनी पाऊण तास चोळला. बिघाड डाव्या बाजूला तर तेलही डाव्या बाजूला, झाडाला पाणी मुळाशी घालायचं असतं, असं त्यांचं म्हणणं. उजवा हात उशीवर तसाच पडून होता. बायकोनं मला डोळ्यांनी खुणावलं. मी लगेच थांबवायला हवं होतं, पण मला शब्द वापरायची संधी दिसली.

मी दाराच्या फळीवर खडूनं माणूस काढला, मेंदूपासून निघणाऱ्या रेघा मानेपाशी एकमेकींना छेदून पलीकडे नेल्या आणि वहिनींना समजावलं. त्यांना पटेना. आमचं घर बांधताना वायरमननं ओसरीच्या दिव्याचं बटण स्वयंपाकघरात बसवलं आहे. शेवटी तेच उदाहरण उपयोगी पडलं. मी म्हटलं, वहिनी, ओसरीवर अंधार झाला तर कधी बल्बात खोट असते आणि कधी आतल्या बटणात. इथं खोट बटणात आहे, बटण डोक्यात डावीकडं आहे, आणि दिवा म्हणजे हा उजवा हात. त्या एकदम हो म्हणाल्या. दुसऱ्या दिवसापासून त्या बायकोच्या डोक्याच्या डाव्या बाजूवर तेल थापू लागल्या. तर्क माझाच होता. महिनाभर आमच्या उशांना लसणाचा वास येत होता.

शब्द मात्र गल्लीत रुळला. माझे एक मित्र निवृत्त तलाठी आहेत. ते रोज संध्याकाळी पाचला ओसरीवर येऊन बसत, आणि त्यांना तर तो इतका भावला, की म्हणाले, आमच्या खात्यात हा शब्द आधी आला असता तर मी लोकांची एवढी बोलणी खाल्ली नसती. गारपीट एका गावात आणि पाऊस मोजायचं यंत्र दुसऱ्या गावात, हे लोकांना समजावता समजावता त्यांचे केस पिकले होते. आता त्यांना उत्तर मिळालं. नकाशात नाला एकाच्या वावरातून आणि पावसाळ्यात पाणी दुसऱ्याच्या वावरातून, तर ते प्रतिपार्श्व. रस्ता उखडला बसस्टँडकडचा आणि डांबर पडलं पुढाऱ्याच्या दारात, तेही प्रतिपार्श्व. खोकला झाला साहेबाला आणि रजेवर गेला बाबू, तर तेसुद्धा. मी त्यांना सांगितलं, की आग रामेश्वरी आणि बंब सोमेश्वरी असं आपले लोक म्हणत आले, तो याच शब्दाचा देशी अवतार. आम्ही दोघं खूप हसलो. आतल्या खोलीतून पेला पडल्याचा आवाज आला. बायको उजव्या हातानं पाणी घ्यायचा प्रयत्न करत होती.

पंधरा दिवसांनी मुलगी मुकुटबनला परत गेली. सोयाबीन काढणीला आलं होतं आणि पोरांची शाळा होती, तिला किती दिवस अडकवणार. सकाळी एक बाई येऊन दोन्ही वेळचा स्वयंपाक करून जाऊ लागली. संध्याकाळचा चहा मी कोपऱ्यावरच्या हॉटेलातून थर्मासमध्ये आणत असे, आणि घरात माझं काय काम आहे असं कुणी विचारलं तर मी तो थर्मास दाखवला असता. एवढं मोठं आजारपण झालं पण मला एकदाही गॅस पेटवावा लागला नाही, हे मी येणाऱ्या-जाणाऱ्यांना कौतुकानं सांगतही होतो.

याच सुमारास व्यायाम शिकवणारी मुलगी पहिल्यांदा आली. ती यवतमाळहून स्कूटीनं आमच्या भागातल्या रोग्यांकडे फिरत असते. तिनं बायकोचा हात खांद्यापासून बोटांपर्यंत हलवून पाहिला, काही व्यायाम करून दाखवले आणि दोन पानांचा छापील कागद दिला. दीड महिन्यानं परत येते, तोवर यात लिहिलंय तसं करा, म्हणाली. ती गेल्यावर मी कागद वाचायला घेतला. पहिल्याच ओळीत ऱ्हस्व-दीर्घाच्या तीन चुका. मी लाल पेन शोधला. दोन्ही पानं तपासून, चुका गोल करून, समासात शुद्ध रूपं लिहून मी कागद भिंतीवर लावला, प्रतिपार्श्वच्या शेजारी. फार दिवसांनी वही तपासल्याचं समाधान मिळालं.

व्यायामाचं मात्र मी माझ्या डोक्यानं ठरवलं. माझा विचार असा होता. उजवा हात तर गेलेला आहे, तो येईल न येईल. डावा हात चांगला आहे. मग शहाण्या माणसानं डाव्याला तयार करावं. मी दांड्याचा कप आणला, जाड मुठीचा चमचा आणला, पाटी-पेन्सिल आणली. एका वहीवर 'डाव्या हाताची प्रगती' असं लिहून तारखांचे रकाने आखले. आणि ही बाई डाव्या हातानं घास घ्यायला तयार होईना.

डाव्या हातानं जेवू नये, डाव्या हातानं कुणाला काही देऊ नये, हे आमच्याकडे लहानपणीच पाठीत धपाटा घालून शिकवतात. मला ते माहीत होतं, आणि नेमका म्हणूनच माझ्यातला सुधारक जागा झाला. मी तिला सांगितलं, की हात हा हात असतो, अन्नाला डावं-उजवं कळत नाही. पाहायला आलेल्या लोकांसमोरही सांगितलं. लोक मान डोलवत आणि घरी जाऊन उजव्या हातानं जेवत. बायको ऐकून घेई आणि ताटलीतला भात उजव्या हातानं गोळा करायला लागे. बोटं वळत नसत. मनगटाच्या कडेनं ती भात ढकलत ताटलीच्या काठाला आणी, तिथं दाबी, आणि तोंड खाली नेई. निम्मा भात मांडीवर. एका वाटी भाताला दीड तास. ते मला बघवत नसे. तिच्यासाठी बघवत नसे हे खरंच, पण दारात कुणी उभं असलं की माझ्यासाठीही बघवत नसे. म्हणून मी कधी कधी चमचा उचलून भराभर भरवून टाकत असे, म्हणजे दहा मिनिटांत काम होई. मग तिनं माझ्यासमोर तोंड उघडणंच बंद केलं.

एका दुपारी मी चिडलो. वरण-भाताची ताटली तिच्यापुढं होती, चमचा तिच्या डाव्या बाजूला ठेवलेला होता, आणि ती त्याच्याकडं बघतही नव्हती.

"डाव्या हातानं खा, नाहीतं खाऊ नको," मी म्हटलं.

"डाव्या हातानं नाही खाणार मी."

"काहून पन?"

"नाही खात."

मी ताटली उचलली आणि स्वयंपाकघरात नेऊन ठेवली. आयुष्यभर वर्गातल्या पोरांना मी अंगठे धरून उभं केलं, छड्या मारल्या, पण कुणाचं जेवण काढून घेतलं नव्हतं. दारातून मी पाहिलं. चादरीवर सांडलेली भाताची शितं ती उजव्या हाताच्या अंगठ्यानं नि बोटानं एकेक करून उचलायचा प्रयत्न करत होती. एक शीत चार-पाचदा निसटलं. मी ते पाहत उभा राहिलो आणि तरी ताटली परत नेली नाही. थोड्या वेळानं वहिनी तेल घेऊन आल्या, त्यांनी काय झालं ते न विचारता ताटली नेऊन तिच्यापुढं ठेवली, आणि जाताना माझ्याकडं पाहिलंही नाही. त्या रात्री मलाही जेवण गेलं नाही, पण त्यानं तिचं काही भरून निघालं नाही.

मग मी पाटीचा नाद सोडला नाही, पण जबरदस्ती सोडली. तिनं स्वतःसाठी दुसरंच काम काढलं. वहिनींच्या वावरातला कापूस नुकताच घरी आला होता. तिनं त्यांच्याकडून ओंजळभर मागून घेतला आणि सरकी काढून वाती वळायला लागली. डाव्या हातात कापूस नुसता धरायचा, आणि उजव्या हातानं मांडीवर वळायचा. वाती कसल्या, गव्हातल्या अळ्यांसारख्या गुंडाळ्या होत्या. पण ती एकही टाकत नसे. बिस्किटाच्या एका रिकाम्या पत्र्याच्या डब्यात ठेवत जाई. मला वाटलं, आजारी माणसाला देवाचं आठवतं. तलाठी मित्राला मी तसं म्हटलंही, की मी इकडं विज्ञान सांगून राहिलोय आणि आमच्या घरात वाती वळणं चालू आहे. आम्ही पुन्हा हसलो.

दीड महिन्यानं ती व्यायाम शिकवणारी मुलगी परत आली. बायको तोवर काठी घेऊन मोरीपर्यंत जाऊ लागली होती. मुलीनं तिचा उजवा हात हातात घेतला आणि बोटं उघडायला सांगितली. बोटं उघडली. मिटायला सांगितली, मिटली. अंगठा तर्जनीला लावायला सांगितला. अंगठा थरथरत गेला, थांबला, आणि लागला.

मुलगी खूश झाली. तिनं विचारलं, तुम्ही काय काय केलंत? मी तयारीतच होतो. वही उघडून तिच्यापुढं ठेवली, चमचा दाखवला, कप दाखवला, पाटीवर बायकोचा हात धरून मी काढलेली अक्षरं दाखवली. डाव्या हाताला कसा टप्प्याटप्प्यानं तयार करायचा माझा बेत होता ते सांगितलं. बायकोच्या अडाणी समजुतीमुळं तो कसा रखडला, हेही सांगितलं. मुलगी वही चाळत राहिली. मग तिनं वही मिटून बायकोला विचारलं, "काकू, तुम्ही काय केलंत?"

बायकोनं उशाशी ठेवलेला डबा पुढं सरकवला.

मुलीनं तो मांडीवर घेतला आणि वाती एकेक थर करून बाजूला काढल्या. तळाला त्या अळ्या. त्यांच्यावर जाडजूड, एका टोकाला फुगलेल्या. मग जरा लांब, जरा सारख्या. अगदी वरच्या बारीक होत्या, समईत लावल्या असत्या तर कुणी नाव ठेवलं नसतं. दीड महिन्याचा सगळा हिशेब त्या डब्यात होता आणि माझ्या वहीचे रकाने कोरे होते. मुलीनं जेवणाचं विचारलं. मी म्हटलं, तेच तर, उजव्या हातानंच खाते, दीड दीड तास लावते, डाव्याला काही करूच देत नाही.

ती उठून भिंतीपाशी गेली. माझा शब्द तिनं वाचला, मग शेजारचा आपलाच कागद वाचू लागली. एका ओळीवर बोट ठेवून म्हणाली, "काका, हा चौथा मुद्दा वाचला होतात का?"

चौथ्या मुद्द्यात लिहिलं होतं, की निरोगी हाताचा वापर कमी करा, जमेल तितकं दुबळ्या हातालाच करू द्या. त्यातला 'कमि' मी लाल गोलात घेऊन समासात 'कमी' लिहिलेलं होतं. अक्षर माझंच होतं, वळणदार.

मी म्हटलं, वाचला होता.

ती मुलगी भल्या घरची, तिनं टोमणा मारला नाही. शांतपणे समजावून सांगितलं, की चांगला हात सगळं करायला लागला की मेंदू दुबळ्या हाताला विसरतो. म्हणून चांगल्या हाताला काही वेळ मुद्दाम बांधून ठेवतात, दुबळ्याला करणं भाग पाडतात. काकूंनी न बांधता तेच केलं. आता बोटं जागी झाली आहेत, तर रोज दोन-तीन तास डावा हात खरंच बांधा, मी समोर दाखवते तसा. बायकोनं विचारलं, "भाकर?"

"येईल, काकू. आधी फाटकी येईल."

बायको हसली. झटक्यानंतर ती अशी हसलेली मी पहिल्यांदा पाहिली, आणि तोंडाची उजवी बाजूही हसण्यात आली होती.

हात बांधायला मऊ, जाडसर कापड हवं होतं. कपाटात वरच मला सेवानिवृत्तीच्या सत्कारात मिळालेली शाल होती, घडीही न मोडलेली. तिच्यात बायकोचा डावा हात कोपरापर्यंत गुंडाळून मुलीनं सैलसर गाठ मारली आणि स्कूटीवर बसून निघून गेली.

आम्ही दोघंच उरलो. भिंतीवर माझा शब्द होता. गल्लीतल्या सगळ्यांना मी तो समजावला होता, वहिनींना हसलो होतो, की बिघाड इकडं आणि तेल तिकडं. त्यांनी निदान पाऊण तासच चोळलं आणि उठून घरी गेल्या. मी दीड महिना दुबळा हात उशीवर ठेवून चांगल्या हाताला पाटी शिकवत होतो. लोकां सांगे ब्रह्मज्ञान, आपण कोरडे पाषाण. ही म्हण मी नववीला दरवर्षी वाक्यात उपयोग करायला देत असे. मी कागदाचं एक टोक सोडवलं आणि तो भिंतीवरून काढला.

मी म्हटलं, "तुले मालूम होतं, का डाव्या हाताले काम देल्लं तं उजवा बसून जाते?"

"मालूम कायचं? मले तसं वाटलं."

"मंग मले सांगतलं काहून नाही? मी समजलो, तू विटाळ-चांडाळ पाळून राह्यली."

"सांगतलं असतं तं तुमी त्याच्यावरबी भाषण देल्लं असतं." जीभ अजून जड होती, ती एकेक शब्द ठेवत बोलत होती. "आन् त्याच्यात समजाचं काय आहे? घरात एकजन सारं काम कराले लागला, का दुसरा उठतच नाही. एकेचाळीस वर्सं झाले, पाहूनच राह्यली ना मी."

हे ती रागानं बोलली नाही. राग असता तर मी उत्तर दिलं असतं. दूध संपलंय म्हणून सांगावं तशी ती बोलली आणि डब्याशेजारचा कापूस पुढं ओढून घेतला. मला एकदम सगळं आठवलं असं नाही. आठवला तो फक्त थर्मास, आणि तो मी किती लोकांना दाखवला होता ते.

पाच वाजत आले होते. तलाठी मित्र येतील म्हणून मी थर्मास घेऊन निघालो, तर ती म्हणाली, "आज घरीच ठेवा चहा."

स्वयंपाकघरात मी ओसरीच्या दिव्याचं बटण सोडून दुसऱ्या कशाला फारसा हात लावलेला नव्हता. गॅस तिसऱ्या काडीला पेटला. दूध सापडलं, चहापत्ती ओट्यावरच होती. साखर दिसेना. फळीवर एकसारख्या स्टीलच्या डब्यांची रांग होती, आणि कशात काय आहे हे त्या घरात एकाच माणसाला ठाऊक होतं. पहिल्यात तुरीची डाळ निघाली. दुसऱ्यात पोहे. तिसऱ्यातलं पांढरं मी जवळजवळ टाकलंच होतं, ते मीठ होतं.

मी दारात येऊन विचारलं, साखर कोणत्या डब्यात आहे. तिला ऐकू गेलं, हे मला दिसलं. डावा हात शालीत बांधलेला होता, उजव्या हातानं ती मांडीवर वात वळत होती. तिनं मान वर केली, माझ्याकडं पाहिलं, पुन्हा वातीकडं पाहिलं, आणि सांगितलं नाही.

साखर अकराव्या डब्यात होती.